साहेब, मुरूम मृगाआधी पडू द्या

प्रति,
मा. मंत्री, क्रीडा व युवक कल्याण,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

विषय : ग्रामीण विदर्भातल्या कॉलेजांच्या फुटबॉल संघांचा मोसम

महोदय,
सप्रेम नमस्कार.

हे पत्र स्टेडियम मागायला लिहिलेलं नाही. तालुक्याच्या गावातल्या कॉलेजचा फुटबॉल संघ चौदा ब्रास (एक ब्रास म्हणजे शंभर घनफूट) मुरुमावर, आठवड्याच्या एका सामन्यावर आणि वेळेवर हातात पडलेल्या पैशावर चालतो. यातलं काहीच फार महाग नाही. पण तिन्हींची वेळ चुकते आणि मोसम तिथेच बुडतो.

आधी मैदानाचं बोलू. पश्चिम विदर्भात आणि वर्धा-यवतमाळ पट्ट्यात कॉलेजची बहुतेक मैदानं काळ्या कापसाच्या मातीवर आहेत. ही माती पाणी प्याली की फुगते आणि वाळली की फाटते. पोळा फुटल्यावर सराव सुरू होतो, तेव्हा गोलपुढे बुटाला किलोभर चिखल लागतो. फेब्रुवारीत त्याच जागी भेगेत पाय जातो. या मातीवर नुसता रोलर फिरवून काही होत नाही. ओली असताना फिरवला तर वरचा थर विटेसारखा बसतो आणि पाणी मुरायचं आणखी कमी होतं.

पूर्ण मैदानाला मुरूम टाकणं परवडणारं नाही. हिशेब सोपा आहे. १०० बाय ६४ मीटरच्या मैदानाला १५ सेंटिमीटरचा थर द्यायचा तर ९६० घनमीटर, म्हणजे जवळपास ३४० ब्रास मुरूम लागतो. तितक्याच ट्रॉल्या. पण मैदान सगळीकडे सारखं मरत नाही, आधी मरतो तो गोलपुढचा पट्टा. छोटी डी, म्हणजे गोलला लागून आखलेला लहान चौकोन, १८.३२ बाय ५.५ मीटरची असते. दोन्ही बाजूंच्या मिळून साधारण २०० चौरस मीटर. तिथे तोच थर द्यायला ११ ब्रास पुरतो. दाबल्यावर मुरूम बसतो म्हणून १४ धरावा. एवढ्यात मैदानाचं निम्मं दुखणं जातं.

काम करायची रीत अशी. छोट्या डीतली २० सेंटिमीटर काळी माती काढायची. तळाला गोलरेषेच्या मागच्या बाजूला उतार द्यायचा आणि तिथून बाहेर दगड-गोटे भरलेला चर काढायचा. हा चर विसरला की सगळं वाया. काळ्या मातीत खणलेला खड्डा पाणी धरतो, मुरुमाखाली हौद तयार होतो आणि पहिल्या मोठ्या पावसात गोलकीपर पोहतो. मग मुरूम दोन थरांत टाकायचा, प्रत्येक थर शिंपडून रोलरने दाबायचा. वर ५ सेंटिमीटर लाल माती, रेती आणि चाळलेलं शेणखत यांचं मिश्रण, साधारण साडेतीन ब्रास. नुसत्या मुरुमावर झेप घेतली तर कोपर-गुडघे सोलतात, म्हणून हा वरचा थर टाळू नये. त्यावर हरळी लावायची. शेतकरी वावरातून उपटून धुऱ्यावर फेकतो तीच हरळी, फुकटची. मृगाचे एक-दोन पाऊस झाले की वीतभर अंतरावर कांड्या टोचायच्या, पोळ्यापर्यंत ती जमीन धरते. मधल्या काळात गाजरगवत आणि गोखरू हातानेच उपटावे लागतात. गोखरूचा एक काटा चेंडूतलं एक ब्लॅडर खातो.

कुणीतरी आपल्याला सुचवेल की तलावातला गाळ मैदानावर टाका, तशी योजनाही आहे. शिवारासाठी ती चांगली असेल, मैदानासाठी नको. आधीच पाणी न सोडणाऱ्या मातीवर आणखी चिकणमाती थापल्यासारखं होईल.

मुरुमाची खरी अडचण तो काढण्यात आहे. कॉलेज उच्च शिक्षण खात्याचं, मैदान संस्थेचं आणि मुरूम महसूल खात्याचा. गौण खनिजाची परवानगी आणि रॉयल्टी यांचे कागद तहसीलमधून फिरून येईपर्यंत जून लागतो. क्रीडांगण विकास अनुदान नावाची आपल्या खात्याची योजना आहे, तिचा आम्हाला आदरच आहे. पण मार्चच्या अखेरीस आलेला पैसा मार्चमध्येच खर्ची टाकायचा म्हटल्यावर त्यातून विकत घेता येतील अशाच वस्तू येतात : जर्सी, ट्रॅकसूट, ढाली. जर्सी दुकानात तयार मिळते, मैदान मिळत नाही.

आता सामन्यांकडे येतो. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा सहसा बाद पद्धतीने होते. सोळा संघ आले तर एकूण पंधरा सामने होतात, आणि आठ संघांचं वर्ष पहिल्याच सामन्यात संपतं. महिना-दोन महिन्यांच्या सरावाला एक सामना. आता सहा कॉलेजांची एकेरी साखळी धरा, म्हणजे प्रत्येक संघ बाकी प्रत्येकाशी एकदा खेळतो. तिथेही पंधराच सामने होतात, फक्त प्रत्येक संघाच्या वाट्याला पाच येतात. तीस-चाळीस किलोमीटरच्या टापूत सहा कॉलेजं शोधणं विदर्भातल्या बहुतेक तालुक्यांत जमण्यासारखं आहे. गडचिरोलीच्या दक्षिण टोकाला मात्र हा हिशेब वेगळा मांडावा लागेल. सिरोंच्याच्या संघाला जिल्ह्याचं ठिकाण गाठायचं तर दोनशेच्या आसपास किलोमीटर जावं लागतं, तिथे तीन संघांची दुहेरी साखळीही चालेल.

साखळी हवी म्हणतो त्याला शेतीचंही कारण आहे. स्पर्धा ऑक्टोबरच्या आसपास लागते, त्याच वेळी सोयाबीन काढणीला येतं, पाठोपाठ कापसाची वेचणी, आणि पूर्वेकडे धानाची कापणी. हिवाळी परीक्षाही त्याच सुमारास. सलग चार दिवस बाहेरगावी राहायचं म्हटलं की अठरापैकी अकरा येतात, कधी नऊ. नियमाने सात खेळाडूंवर सामना सुरू करता येतो, पण त्याला सामना म्हणणं कठीण आहे. शनिवारी सकाळी एक सामना असेल तर पोरगा दुपारी परत वावरात असतो. विद्यापीठाचा संघ निवडायलाही हेच बरं. एका दिवसाच्या चाचणीत जो धावतो तो दिसतो, जो खेळतो तो दिसायला चार-पाच सामने लागतात.

यजमान कॉलेजच्या एकाच मैदानावर दिवसात चार सामने बसवले की दोन भर उन्हात होतात. ऑक्टोबरचं ऊन पावसानंतरच्या दमटपणासकट असतं, तेही चांगलंच दमवतं. फुटबॉलच्या नियमांत अशा वेळी दीड ते तीन मिनिटांचा कूलिंग ब्रेक देता येतो, पण स्पर्धेच्या नियमांत त्याची तरतूद आधीच असावी लागते, आणि ती कुणी करत नाही. पाण्याचा हिशेब माणशी दोन लिटर धरला तर अठरा खेळाडूंना वीस लिटरचे दोन कॅन लागतात, तिसरा रेफ्री आणि तोंड धुण्यासाठी. एक लिटर पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ घातलं की जलसंजीवनी तयार होते, पुड्या विकत आणायची गरज नाही. स्टँडवरचे तर्री-पोहे सामना संपल्यावर. सामन्याच्या तासभर आधी ते खाल्ले की हाफटाइमच्या आत पोट बोलायला लागतं. त्याऐवजी केळी आणि शेंगदाण्याची चिक्की.

प्रवासाचं थोडक्यात. मार्च २०२३ पासून एसटीत महिलांना निम्मं तिकीट आहे, त्याचा मुलींच्या संघांना खरोखर फायदा झाला. मुलांच्या संघाला पूर्ण तिकीट पडतं. पण तिकिटापेक्षा शेवटची गाडी महत्त्वाची. गावाकडची शेवटची एसटी सहाला असेल तर सराव सव्वापाचला संपतो, मग पत्रकात काहीही लिहिलेलं असो.

साहित्यात चेंडूंवर पैसे जावेत, आणि त्यातही विचार करून. सरावाला रबर मोल्डेड चेंडू, कारण मुरूम आणि भेगा हातशिलाईचा दोरा महिन्याभरात कापतात. हातशिलाईचा चेंडू सामन्यासाठी राखावा. दोघांत एक या हिशेबाने अठरा जणांना नऊ लागतात. बहुतेक ठिकाणी असतात तीन, त्यातला एक अंडाकृती. हवेचा दाब साडेआठ ते साडेपंधरा पाउंडांच्या मध्ये हवा. पंक्चरच्या दुकानातल्या कॉम्प्रेसरने भरला तर क्षणात दाब चढून शिवण उसवते, सायकलचा हातपंप बरा. सुई कोरडी घालू नये, ग्लिसरीनचा एक थेंब लावावा, नाहीतर व्हॉल्व्ह फाटतो आणि दुकानदार नवा चेंडू विकतो. शिनगार्डच्या जागी अजून पुठ्ठा दिसतो. तो दुसऱ्या लाथेला मोडतो.

गोलपोस्टचं मात्र हसण्यावारी नेऊ नये. काळ्या मातीत दीड-दोन फुटांवर रोवलेला खांब पावसाळ्यात वर-खाली होतो, दिवाळीपर्यंत आडवा दांडा एका बाजूला २.४४ मीटर आणि दुसऱ्या बाजूला २.३५ भरतो. खड्डा तीन फूट घ्यावा, तळाला काँक्रीट, आणि भोवती काढलेली काळी माती परत न घालता मुरूम ठासावा. हलवता येणारे गोल जमिनीला जखडल्याशिवाय ठेवूच नयेत. पोरं दांड्याला लोंबकळतात आणि अख्खा सांगाडा पुढे येतो. आखणीला एकूण सातशे मीटरच्या जवळपास रेषा लागतात. त्या फक्कीच्याच (आखणीच्या पांढऱ्या भुकटीच्या) असाव्यात. कळीच्या चुन्याने कातडी आणि डोळे भाजतात, स्वस्त पडतो म्हणून तो अजून वापरला जातो. मैदान काटकोनात आहे की नाही ते कर्णाने कळतं. १०० बाय ६४ ला दोन्ही कर्ण ११८ मीटर ७३ सेंटिमीटर यायला हवेत.

मैदानावर माणूसही लागतो. अनेक कॉलेजांत शारीरिक शिक्षण संचालकाचं पद रिकामं आहे. जिथे भरलेलं आहे तिथे तोच माणूस त्याच आठवड्यात कबड्डी, खो-खो आणि मैदानी स्पर्धाही पाहतो. घोटा मुरगळला की जवळचा कुणीतरी तेल लावून चोळतो आणि सूज दुप्पट होते. पंधरा-वीस मिनिटं कापडात गुंडाळलेला बर्फ, क्रेप बँडेज आणि पाय उंच, हे ज्याला येतं असा एक जण प्रत्येक मैदानावर हवा. बर्फ मासळी बाजारात मिळतो, थर्माकोलच्या डब्यात सामना संपेपर्यंत टिकतो. रेफ्री जिल्ह्याच्या गावाहून येतात, एका सामन्याला तिघे. टापूतल्या माजी खेळाडूंना तालुक्यालाच रेफ्रीचं प्रशिक्षण दिलं तर साखळीचा मोठा खर्च तिथेच वाचेल.

१५ सप्टेंबर २०१७ ला दहा लाख मुलांनी एका दिवशी फुटबॉल खेळावा म्हणून सरकारने राज्यभर मोहीम केली. त्या वर्षीच्या १७ वर्षांखालील विश्वचषकाचे सामने नवी मुंबईत झाले. त्या दिवशी जी मुलं दहा-बारा वर्षांची होती, ती नंतर याच कॉलेजांत आली, या पत्रातल्या मैदानांवर.

तेव्हा मागणी एवढीच. कॉलेज आणि शाळांच्या क्रीडांगणासाठी वर्षाला पंधरा-वीस ब्रासपर्यंतचा मुरूम रॉयल्टीतून मोकळा करावा आणि त्याची परवानगी एप्रिलमध्ये मिळावी, यासाठी आपण महसूल खात्याशी बोलावं. मैदानाचं अनुदान मार्चअखेरच्या घाईत न देता नव्या आर्थिक वर्षाच्या पहिल्या हप्त्यात सोडावं. नागपूर, अमरावती आणि गोंडवाना या तिन्ही विद्यापीठांच्या क्रीडा विभागांसोबत बसून तालुका गटांच्या साखळीला मान्यता आणि प्रवासभत्ता मिळवून द्यावा. जर्सीचं एक वर्ष राहिलं तरी चालेल.

मृग सात-आठ जूनला लागतो. मुरूम त्याआधी पडून दाबला गेला पाहिजे. पाऊस सुरू झाल्यावर भरलेली ट्रॉली काळ्या मातीच्या मैदानात घातली, तर तिच्या चाकोऱ्या पुढच्या उन्हाळ्यापर्यंत बुजत नाहीत.

आपले नम्र,
ग्रामीण विदर्भातल्या कॉलेजांचे फुटबॉल प्रशिक्षक आणि मैदान राखणारे