विषय : तुर्की चित्रपटांच्या पॅकेजमधील त्रुटी व वर्गणी परत मिळण्याबाबत

प्रति,
ग्राहक सेवा विभाग

स. न. वि. वि.

जुन्या तुर्की चित्रपटांचं तुमचं 'जाहिरातमुक्त' वार्षिक पॅकेज मी घेतलं ते म्युनिर ओझकुल या एका नटासाठी. तुमच्या ॲपवर त्यांचं नाव टाकलं की 'काहीही सापडले नाही' असं येतं. त्यांचे तीन चित्रपट तुमच्याकडेच पडून आहेत!

'हबाबाम सनिफी' (१९७५) च्या पानावर तारिक आकान आणि केमाल सुनाल, एवढीच नावं. शाळेतल्या त्या टवाळ वर्गाला धाकात ठेवणारे आणि त्याच पोरांवर जीव टाकणारे टकले महमुत सर ओझकुलनी उभे केले, याचा पत्ता नाही. हे चित्रपट सुरुवातीलाच नावं दाखवतात आणि तुमचं ॲप नेमका तोच भाग परस्पर गाळतं.

ओझकुल म्हणजे कुणी ऐरेगैरे नव्हेत. तुर्की लोकनाट्यात विनोदी नटाची पगडी पुढच्या पिढीला सोपवायची परंपरा आहे. केल हसन यांची पगडी इस्माइल द्युम्ब्युल्ल्यूंकडे आली, त्यांनी ती १९६८ मध्ये ओझकुलना दिली आणि ओझकुलनी १९८९ मध्ये फेरहान शेनसोयना. असा माणूस पडद्यावर दुय्यम भूमिका करत राहिला, पण एकीसारखी दुसरी नाही. 'नेशेली ग्युनलेर' (१९७८) मध्ये लोणच्यात लिंबू पिळायचं की सिरका घालायचा, यावरून ते आणि आदिले नाशित संसार मोडतात, पोरंसुद्धा वाटून घेतात. इतका हट्टी, इतका हास्यास्पद नवरा!

आता 'बिझिम आइले' (१९७५). ओझकुल यात यशार उस्ता, साधा कामगार. मुलाच्या प्रेमप्रकरणापायी श्रीमंत कारखानदार सगळ्या घरादाराच्या मुळावर उठतो, तेव्हा हा त्याच्यासमोर जाऊन उभा राहतो. सुरुवात अदबीनं, मग आवाज थरथरायला लागतो. जन्मात मुंगीला न दुखावलेला माणूस आता धमकी देणार, आणि तुम्ही तिथे कपड्यांच्या साबणाची जाहिरात लावलीत. जाहिरात संपल्यावर चित्रपट पुढच्याच प्रसंगावर. मागे नेऊन पाहिलं, पुन्हा तेच.

याबद्दल कळवल्यावर तुमच्याकडून उत्तर आलं : 'आपल्याला या नव्या तुर्की मालिकाही आवडतील.' मी मालिका मागितल्या नव्हत्या.

तरी कृपया सर्व चित्रपटांच्या पानांवर पूर्ण कलाकारयादी द्यावी, सुरुवातीची नामावली आपोआप गाळणं थांबवावं आणि 'बिझिम आइले'चा अखंड भाग चढवावा. हे पंधरा दिवसांत होणार नसेल, तर उरलेल्या महिन्यांची वर्गणी माझ्या खात्यात परत करावी. पावतीची प्रत सोबत जोडली आहे. उत्तर कुणा माणसाने लिहिलेलं असावं, ही विनंती.

कळावे,
आपली एक वर्गणीदार