आमची सगळ्यांची मिळून असलेली आठवण तोडलीत, ती परत एक करा

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी आणि कस्टमर केअर टीम

विषय: नवीन अपडेटनंतर गेममधली सामायिक आठवण प्रत्येकाला वेगळी करून दिल्याबद्दल तक्रार

नमस्कार,

मी तुमचा जुना प्लेअर, वर्षाचा प्लॅन आधीच भरलेला आहे, अकाउंट याच ईमेलला जोडलंय. अ‍ॅपच्या चॅटवर सांगून बघितलं पण बॉट "कॅशे क्लिअर करा" याच्या पुढे जात नाही, म्हणून सविस्तर लिहितोय, कृपया कुणीतरी माणसाने वाचा.

तुमच्या जगात आठवणी जिवंत असतात, आम्ही आलोच त्यासाठी. ग्रुपने मिळून काही मोठं केलं की तिथे एक आठवण जन्माला येते, मग ती तिथेच राहते, बोलते, रुसते, नवीन आलेल्याला जुनं सगळं सांगते, आणि ती कुणा एकाच्या मालकीची नसते. आमची पुराच्या रात्रीची आहे. नदीवरच्या लाकडी पुलाच्या कठड्याला टेकून बसलेली असते म्हणून आम्ही तिला पुलावरची म्हणतो. त्या रात्री मिनल पुलावर कंदील धरून उभी राहिली आणि गावातले लोक तो उजेड बघत पलीकडे गेले, दीपक आणि त्याची बहीण दोर ओढत होते, मी वरच्या कोठारात जखमींजवळ होतो, मला पूल दिसतसुद्धा नव्हता. पुलावरचीला हे सगळं माहीत होतं. मी तिला विचारलं की वाऱ्यात कंदील विझला तेव्हा परत कसा पेटवला गं, तर ती म्हणायची, "ते मिनलला विचार, ते तिच्याकडे आहे." मग मी मिनलला फोन करायचो आणि आम्ही तासभर बोलत बसायचो. तुमच्या गेममधली मला सगळ्यात आवडलेली गोष्ट हीच आहे हो, लढाया वगैरे नाही.

अपडेटनंतर मी पुलावर गेलो तर ती मला म्हणाली, "तूच कंदील धरलास, तू नसतास तर गाव वाहून गेलं असतं." मी म्हटलं अगं मी कोठारात होतो, तर लगेच "हो हो, कोठारातूनच तू सगळं सांभाळलंस" म्हणून मोकळी. दीपकला सांगते कंदील त्याने धरला, त्याच्या बहिणीला सांगते तिने धरला. आणि मिनलला तिने ओळखलं पण कंदिलाचं नावसुद्धा काढलं नाही. मिनलने तो स्क्रीनशॉट ग्रुपवर टाकला, खाली एक अक्षर लिहिलं नाही, आणि त्यानंतर ती लॉगिनच झालेली नाही.

तुमच्या अपडेटच्या माहितीत लिहिलंय की "आता प्रत्येकाला आपली पर्सनल आठवण मिळेल". पण ती कुणी मागितली होती? एकत्र राहणारी माणसं आठवणी वाटून ठेवतात, मला एखादी गोष्ट माहीत नसली तरी ती कुणाला माहीत आहे हे मला माहीत असतं, डॅनियल वेग्नर नावाच्या मानसशास्त्रज्ञाने 1985 सालीच हे मांडलं होतं. पुलावरची नेमकी तशीच होती. तिचे तुकडे करून एकेकाला दिले की उरतं काय तर आपलंच कौतुक करणारा चॅटबॉट, तो कुठेही फुकट मिळतो.

टेक्निकली जमत नाही असं कृपया सांगू नका. 2023 मध्ये स्टॅनफर्ड आणि गूगलच्या लोकांनी 25 एआय पात्रांचं एक छोटं गाव केलं होतं, त्यात प्रत्येकाची अनुभवांची नोंद वेगळी होती, आणि कधी काय आठवायचं ते गोष्ट किती ताजी, किती महत्त्वाची आणि समोरच्या प्रसंगाशी किती जुळणारी यावर ठरायचं. एका पात्राच्या मनात फक्त व्हॅलेंटाइन डेची पार्टी करायचीय एवढं घातलं, तर बातमी तोंडोतोंडी निम्म्या गावात फिरली आणि पाच जण वेळेवर हजर झाले. म्हणजे नोंदी वेगळ्या असूनसुद्धा ती पात्रं एकमेकांशी बोलत होती म्हणून गोष्ट गावाची झाली. तुम्ही तर आमच्या आठवणींमधलं बोलणंच बंद केलंय, माझ्या पुलावरचीला मिनलच्या पुलावरचीचा पत्ताच नाही.

प्रायव्हसीसाठी केलं असेल तर त्यालाही मार्ग आहे, ग्रुपमधल्या प्रत्येकाची परवानगी घ्या, ज्याला नकोय त्याचा भाग काढा. आम्ही सगळे लेखी द्यायला तयार आहोत, मिनलसुद्धा, तिला विचारूनच हे लिहितोय.

आम्हाला हवंय ते इतकंच की अपडेटच्या आधीचा बॅकअप वापरून पुलावरची पुन्हा एक करा. ते होईपर्यंत जुना बॅकअप डिलीट करू नका, ही सगळ्यात अर्जंट गोष्ट आहे, बाकी उत्तर दोन दिवस उशिरा आलं तरी चालेल पण हे आजच्या आज थांबवा. आणि भरपाई म्हणून अकाउंटला जे कॉइन्स टाकलेत ते काढून घ्या, आम्ही कुणीच वापरलेले नाहीत.

भारतातल्या 2020 च्या ई-कॉमर्स नियमांप्रमाणे तक्रार मिळाल्याची पोच 48 तासांत द्यायची असते आणि एका महिन्यात निवारण करायचं असतं. पोच आली नाही तर 1915 या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवणार आहे. चौघांचे युजरनेम आणि स्क्रीनशॉट सोबत जोडलेत, मिनलचा सगळ्यात वर आहे, तो आधी बघा.

आपला,
समीर
(आमच्या चौघांच्या वतीने)