गेट्स म्हणजे नुसता टीव्हीवरचा डीएनएवाला नव्हे

मा. संपादक साहेब,

रविवारच्या पुरवणीतला हेन्री लुई गेट्स या काळ्या अमेरिकन प्राध्यापकांवरचा लेख वाचला, छान आहे, पण निम्मी जागा त्या 'फाइंडिंग युवर रूट्स' या, डीएनए तपासून नामवंतांचे पूर्वज शोधणाऱ्या टीव्ही शोने आणि २००९ च्या अटकेनेच खाल्लीय (स्वतःच्याच घरी अटक झाली त्यांना, ते लिहायलाच हवं होतं, मान्य). पण हा माणूस मुळात साहित्याचा अभ्यासक, आणि ते काम तुम्ही एका ओळीत उरकलंत.

मला सगळ्यात भिडलेलं त्यांचं काम हॅरिएट विल्सन या काळ्या लेखिकेवरचं. १८५९ साली बॉस्टनमध्ये छापलेली तिची 'आवर निग' ही कादंबरी, तिला कोणी विचारत नव्हतं, ज्यांना माहीत होती त्यातले बरेच जण लेखक गोरा समजायचे. गेट्सनी जुनी दप्तरं उकरली. प्रस्तावनेत ती बाई लिहिते की पोराला जगवायला चार पैसे मिळावेत म्हणून हे पुस्तक काढतेय, आणि सापडला तो त्याच पोराच्या मृत्यूचा दाखला, १८६० चा, म्हणजे पुस्तक येऊन सहा महिनेही झाले नव्हते. त्यावर मुलाचा रंग काळा असा लिहिलेला, त्यावरूनच आईची ओळख पक्की झाली. १९८३ ला पुस्तक परत छापून आलं.

आता गंमत बघा, याच गेट्सनी १९८६ मध्ये संपादित केलेल्या पुस्तकाच्या नावात 'रेस' हा शब्द मुद्दाम अवतरणचिन्हात टाकला होता, कारण वंश म्हणजे काही रक्तात सापडणारी वस्तू नाही, माणसांनी भाषेतून उभी केलेली भानगड आहे. मग टीव्हीवर डीएनएचे टक्के कशाला? त्यांचे स्वतःचे निम्मे पूर्वज युरोपियन निघाले तरी अमेरिकेत ते काळेच. म्हटलं तर यातून त्यांचा जुना मुद्दाच खरा ठरतो, पण बघणारा टक्के तेवढे लक्षात ठेवतो ना! लेखकाने हा प्रश्न विचारायलाच हवा होता.

दुसरा भाग काढणार असाल तर त्यांच्या 'द सिग्निफाइंग मंकी' या पुस्तकावर (१९८८) काढा. काळ्या लोकांच्या बोलण्यातले टोमणे, एकात दोन अर्थ, त्याचा धागा थेट पश्चिम आफ्रिकेतल्या योरुबा लोकांच्या एशू या खोडकर देवापर्यंत नेलाय त्यांनी, अवघड आहे पण मजा येते.

आपला,
एक जुना वाचक