सर, तुमच्या त्या एका प्रश्नासाठी

आदरणीय सर,
सादर नमस्कार.

माझं पाचवं प्रकरण परवा मंजूर झालं. तुमचे आभार प्रबंधाच्या दोन ओळींत उरकायला मन तयार होईना, म्हणून हे उघड पत्र. नाव घालत नाही, तुम्हाला ते आवडणार नाही.

लंडनमधल्या क्यू इथल्या राष्ट्रीय अभिलेखागारात १६५२ ते १८१५ या काळात ब्रिटिशांनी युद्धांत पकडलेल्या सुमारे ३५,००० जहाजांची कागदपत्रं आहेत. कधीच न पोचलेली पत्रंच दीड लाखावर. मी त्यातला एक गठ्ठा घेतला आणि पहिल्याच पानावर घसरले. जहाजावर डेन्मार्कचा झेंडा, डेन्मार्क तेव्हा तटस्थ, म्हणजे मालही तटस्थांचा, असं ठामपणे लिहून मोकळी झाले.

रात्री तुमचा फोन आला. रागावला नाहीत, एवढंच विचारलंत, "हे जहाज वाटेत बुडालं असतं, तर पैसे कुणाचे बुडाले असते?"

मी बिल ऑफ लेडिंग, म्हणजे जहाजावर चढवलेल्या मालाची कप्तानानं दिलेली पावती, पुन्हा उघडलं. समासात शाईनं काढलेली गासड्यांवरची खूण, खाली कप्तानाची सही, आणि मधे ते शब्द, ज्यांच्यावरून माझी नजर नुसती फिरली होती: माल कुणाच्या हिशेबावर, कुणाच्या जोखमीवर. तिथे कोपनहेगनच्या व्यापाऱ्याचं नाव होतं. पण गठ्ठ्यातल्याच एका पत्रात तो बोर्दोच्या व्यापाऱ्याकडे नाव वापरू दिल्याचं कमिशन मागत होता! त्या कागदावर घडीच्या रेषा अजून तशाच आहेत. दावा तटस्थाचा, पैसा फ्रेंच, म्हणजे ब्रिटनच्या शत्रूचा. त्या रात्री मी झोपले नाही.

पुढचे चार महिने तुम्ही दर रविवारी वेळ दिलात. ब्रिटिश प्राइझ कोर्टात, म्हणजे युद्धात पकडलेलं जहाज आणि माल जप्त करायचा की सोडायचा हे ठरवणाऱ्या न्यायालयात, माल आपला असल्याचं दावेदारानंच सिद्ध करायचं, व्यापारी जन्मानं कुठला यापेक्षा तो कुठे राहून धंदा करतो हे पाहायचं, लढाई चालू असताना समुद्रावरच्या मालाची कागदोपत्री विक्री मानायची नाही, हे सगळं तुम्ही एकेका निकालावरून समजावलंत. शत्रूचा माल जप्त झाला तरी तटस्थ जहाजाचं भाडं सहसा पकडणाऱ्यानं भरायचं, हे ऐकून मी थक्क झाले होते. कप्तानाची बाजू मी तोवर पाहिलीच नव्हती. तटस्थ झेंड्याखालचा शत्रूचा माल, युद्धनिषिद्ध (शस्त्रांसारखा, शत्रूला पोचवायला मनाई असलेला) नसेल तर, सोडायचा हे ब्रिटननं १८५६ च्या पॅरिस जाहीरनाम्यात मान्य केलं. माझा नियम बरोबर होता, फक्त अर्धं शतक आधी लावला होता.

'झामोरा' या जहाजाच्या खटल्याचा निकाल वाचायला लावलात, त्याचे आभार तर वेगळेच मानायला हवेत. स्वीडिश जहाज, त्यात तांबं, १९१५ मध्ये पकडलेलं. मालकीचा निवाडा व्हायच्या आधीच ब्रिटिश सरकारला ते तांबं हवं होतं. १९१६ मध्ये प्रिव्ही कौन्सिलनं, म्हणजे अशा खटल्यांतल्या ब्रिटनच्या सर्वोच्च अपील न्यायपीठानं, सांगितलं की प्राइझ कोर्ट आंतरराष्ट्रीय कायदा चालवतं, तो राजाच्या हुकमानं बदलत नाही. ऐन महायुद्धात आपल्याच सरकारला असं सुनावणारं न्यायालय! वाचताना माझा आवाज कापला, आणि पलीकडे तुम्हीही थोडा वेळ गप्प होतात.

प्रकरणाची प्रत पाठवते आहे. सतराव्या पानावरची एक व्यापारी खूण अजून मला लागलेली नाही. रविवारी फोन करू का?

तुमची विद्यार्थिनी