माहितीपटाला टाळ्या, मैदान मात्र मुलग्यांना

महोदय,

रूढी घट्ट धरून बसलेल्या समाजातल्या खेळाडू मुलींवरचे माहितीपट हल्ली शाळा-महाविद्यालयांतून आवर्जून दाखवतात. चांगलंच आहे. पण पडदा गुंडाळल्यावरची चर्चा ठरलेली: तिथल्या मुली किती सोसतात, आपल्याकडे त्या मानाने किती बरं! टिपून घेण्यासारखं जे असतं ते तसंच राहून जातं.

काबूलमध्ये मुलींना स्केटबोर्ड शिकवणाऱ्या शाळेवरच्या लघु माहितीपटाला २०२० साली ऑस्कर मिळालं. तिथं मुलीनं सायकल चालवणं लोकांना खपत नव्हतं. स्केटबोर्ड मात्र कुणी पाहिलाच नव्हता, म्हणून त्याला मनाई करायचंही कुणाला सुचलं नव्हतं. ही पळवाट शाळा चालवणाऱ्या संस्थेनं बरोबर हेरली. पण तेवढ्यानं कुठलेच आई-बाप मुलीला धाडत नाहीत. मुलींचे दिवस वेगळे, शिकवायला बायका, ने-आण करायला गाडी आणि खेळाच्या जोडीला अभ्यासाचे वर्ग, एवढी व्यवस्था उभी केली तेव्हा मुली आल्या. माहितीपटात बघायचं असतं ते हे.

गोव्यातल्या आमच्या डिचोली-सत्तरीत मुलीला ‘खेळू नको’ असं तोंडावर कुणी म्हणत नाही. तरी आठवी-नववीत खो-खो, फुटबॉलच्या संघांतून मुली गळायला लागतात. पहिलं कारण घड्याळ. शाळा दुपारी सुटते, ऊन म्हणून सराव पाचवर ढकलतात, आणि डिसेंबरात सूर्य सहाच्या सुमारास मावळतो. मग ‘काळोख पडायच्या आत घरी ये’ म्हणणाऱ्या आईला दोष कसा द्यायचा? २०२२ च्या ऑक्टोबरात सतरा वर्षांखालील मुलींच्या फुटबॉल विश्वचषकाचे सामने मडगावजवळच्या फातोर्डा स्टेडियमवर लख्ख प्रकाशझोतात झाले. गावच्या मैदानावर मात्र दिवे असलेच तर ते मुलग्यांच्या सामन्यांसाठी लागतात. चार ते साडेपाच मैदान मुलींचं, मुलगे त्यानंतर, एवढा ठराव ग्रामसभेत करायला एक पैसा लागत नाही.

दुसरी गोष्ट कपड्यांची. आखूड पँटला घरून विरोध असेल तर आत लेगिंग घालता येते, पण फुटबॉलच्या नियमाप्रमाणे तिचा रंग पँटच्या मुख्य रंगाचा किंवा पँटच्या खालच्या काठाचा हवा, आणि अख्ख्या संघाचा एकच. हे न बघता आणलेल्या काळ्या-पांढऱ्या लेगिंग सामन्याच्या तोंडावर पंच बदलायला लावतात आणि भर मैदानात मुलीची पंचाईत होते. डोकं झाकायला फिफानं २०१४ मध्ये परवानगी दिली, बास्केटबॉलच्या महासंघानं २०१७ मध्ये. फुटबॉलमध्ये अट अशी की वस्त्र काळं किंवा जर्सीच्या रंगाचं असावं, जर्सीला जोडलेलं नसावं आणि त्यानं इजा होता कामा नये. म्हणजे टाचण्या चालणार नाहीत. शिवून घेतलेली, डोक्यातून घालायची टोपीवजा ओढणी बरी. आणि पांढरी पँट मुलींना देऊच नये. पाळीच्या काळजीनं इंग्लंडच्या महिला संघानं २०२३ मध्ये पांढरी पँट सोडून निळी घेतली. आपल्याकडे गणवेश ठरवताना मुलींना विचारतो कोण?

तिसरी गोष्ट गुडघ्याची. कुठल्याच चर्चेत ती निघत नाही. वयात येणाऱ्या मुलींना उडी मारून उतरताना किंवा धावता धावता वळताना गुडघ्यातला एसीएल हा अस्थिबंध फाटण्याचा धोका मुलग्यांपेक्षा जास्त असतो. उतरताना गुडघे आत वळतात, हे त्यातलं एक महत्त्वाचं कारण. फिफाचा ‘इलेव्हन प्लस’ हा वॉर्म-अप अशा दुखापती टाळण्यासाठी आहे: आठ मिनिटं हलकं धावणं, दहा मिनिटं ताकद, उड्या आणि तोल, दोन मिनिटं वेगानं धावणं. चेंडू आणि शंकू सोडले तर काही लागत नाही, मात्र आठवड्यातून दोनदा तरी झाला पाहिजे. वेळ कमी पडला की शिक्षक नेमका मधला भाग गाळतात, आणि गुडघा वाचतो तो त्याच भागानं. एकदा गुडघा गेला की घरच्यांना ‘आता पुरे’ म्हणायला निमित्तच मिळतं.

तेव्हा माहितीपट दाखवायचाच तर रविवारी दुपारी दाखवा, म्हणजे आयांना येता येईल. खाली इंग्रजी ओळी असतील तर कुणीतरी मध्ये थांबवून कोकणी-मराठीत सांगावं. नाहीतर मागच्या रांगा दहाव्या मिनिटाला गप्पा मारू लागतात. शेवटी पाहुण्यांचं भाषण नको. सरपंच, पीटी शिक्षक आणि आया एका खोलीत क्वचितच सापडतात. ते सगळे बसलेले असतानाच मैदानाचं वेळापत्रक फळ्यावर लिहून घ्यावं, आणि अंधारात मुलींबरोबर बसथांब्यापर्यंत कोण जाणार ते नाव त्याच फळ्यावर यावं.

– एक क्रीडाशिक्षक, डिचोली