हजेरीपत्रक प्रत्यक्ष पाहणाऱ्या न्यायालयाचा निष्कर्ष

महोदय,

रोजंदारीवरच्या कामगाराने कामगार न्यायालयात निवाडा मिळवला म्हणजे त्याची फरपट संपली, असे होत नाही. मालकाची रिट याचिका मुंबई उच्च न्यायालयात दाखल होते, निवाड्याला स्थगिती मिळते आणि पुण्यात शिवाजीनगरच्या कामगार न्यायालयात वर्षानुवर्षे साक्षीपुरावे होऊन निकालात निघालेल्या मुद्द्यांचाच पुन्हा कीस काढला जातो. वास्तविक अशा याचिकेत उच्च न्यायालय अपील ऐकत नसते. ग्राह्य पुरावा नाकारला असेल, अग्राह्य पुराव्यावर भिस्त ठेवली असेल किंवा पुराव्यावाचूनच निष्कर्ष काढला असेल, तरच वस्तुस्थितीविषयक निष्कर्षात हात घालता येतो, हे सर्वोच्च न्यायालयाने सय्यद याकूब प्रकरणात सहा दशकांपूर्वीच स्पष्ट केले आहे. असे सदोष निवाडे रद्द व्हायलाच हवेत.

बहुतेक वाद २४० दिवसांचा असतो. बारा महिन्यांत तेवढे दिवस काम भरले असेल, तर नोटीस व नुकसानभरपाई दिल्याशिवाय कामगाराला कमी करता येत नाही, अशी तरतूद १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात होती. हे दिवस कामगाराने सिद्ध करायचे. मात्र त्याच्याकडे नेमणूकपत्र नसते, फार तर एखादा गेटपास असतो, आणि हजेरीपत्रक मालकाच्या कपाटात. मी पाहिलेल्या एका दाव्यात वेगवेगळ्या महिन्यांची हजेरीपत्रके एकाच शाईत, एकाच हाताने भरलेली होती आणि त्यांवर घडीची खूणही नव्हती. न्यायाधीशांनी मूळ कागद हातात घेऊन टाइमकीपरला प्रश्न विचारले, तेव्हा त्याला उत्तर देता आले नाही. याचिकेला जोडलेल्या झेरॉक्सवर ना ती शाई दिसते, ना तो गोंधळलेला साक्षीदार. म्हणूनच यलट्टी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, कामगार न्यायालयाचा निष्कर्ष विपर्यस्त, म्हणजे पुराव्याशी पूर्णपणे विसंगत, असल्याखेरीज तो बदलू नये.

सरकारी सेवेत रीतसर भरतीविना नेमलेल्या हंगामी कर्मचाऱ्यांना कायम होण्याचा हक्क नाही, असे सांगणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाच्या २००६ च्या उमादेवी निकालाचा आधारही मालकपक्षाकडून सरसकट घेतला जातो. कामगारांना वर्षानुवर्षे हंगामी ठेवून कायमपणाच्या लाभांपासून वंचित करणे ही महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यानुसार अनुचित प्रथा आहे, आणि तिच्याविरुद्ध आदेश देण्याचा औद्योगिक न्यायालयाचा अधिकार उमादेवीमुळे संपलेला नाही, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये एसटी महामंडळाच्या प्रकरणात दिला आहे.

ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले, पण पुणे जिल्हा त्यात नाही. इथल्या कामगाराला प्रत्येक तारखेला मजुरी बुडवून मुंबई गाठावी लागते. कामावर परत घेण्याच्या निवाड्याला स्थगिती देतानाच कामगाराचा शेवटचा पगार दरमहा देण्याची अट उच्च न्यायालयाने घालावी, त्यासाठी त्याला वेगळा अर्ज करून ताटकळत ठेवू नये आणि अशा याचिका दाखल करून घेण्याच्या टप्प्यावरच निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

– कामगार चळवळीतील एक कार्यकर्ता, पुणे