चित्रं बघायचा पगार

प्रिय आई-बाबा,

रविवारी फोनवर बाबा म्हणाले ना, चित्रं बघायचा पगार कोण देतं गं, तेव्हा मी हसले, पण नंतर तेच डोक्यात घोळत राहिलं म्हणून आज नीट लिहायला बसलेय.

इथे लंडनच्या नॅशनल गॅलरीत केनेथ क्लार्क नावाचे एक डायरेक्टर होऊन गेले. पक्का रेनेसान्सचा, म्हणजे इटलीच्या प्रबोधनकाळातल्या कलेचा माणूस, फ्लॉरेन्सला बेरेन्सन नावाच्या मोठ्या कला-जाणकाराच्या हाताखाली शिकलेला, विंडसरच्या राजवाड्यातल्या लिओनार्दो दा विंचीच्या ड्रॉइंग्जचा कॅटलॉग त्यांनीच केला. १९३४ ला डायरेक्टर झाले तेव्हा वय फक्त तीस! पण चुकलेसुद्धा जोरात. १९३७ मध्ये चार चिमुकली चित्रं जॉर्जोने या नामवंत इटालियन चित्रकाराची म्हणून १४,००० पौंडांना घेतली आणि ती निघाली प्रेव्हितालीची, म्हणजे बऱ्याच कमी नावाच्या चित्रकाराची, मग काय, पेपरात नुसती बोंबाबोंब. आजही ती गॅलरीच्याच मालकीची आहेत, प्रेव्हितालीच्या नावाने.

बाबा, आता तुमच्या एसटी डेपोतल्या कामासारखं ऐका. १९३९ ला युद्ध सुरू होणार म्हणून दहा-बारा दिवसांत अख्खी गॅलरी रिकामी केली, चित्रं वेल्सला नेली आणि १९४१ मध्ये तिथल्या मॅनॉडच्या पाटीच्या दगडाच्या खाणीत हलवली. त्यात व्हॅन डाइकने काढलेला घोड्यावरचा राजा, बारा फूट उंच! वाटेत रेल्वेचा पूल बुटका. पुलाला काही करता येईना, मग खालचा रस्ताच खणून खोल केला, आणि खाणीचं तोंड सुरुंग लावून मोठं केलं. मला वाटतं डायरेक्टरचं खरं काम हेच, भाषणं नि उद्घाटनं नंतर. मीसुद्धा सध्या चित्रांच्या स्टोअरमध्ये तेच करते, मोजायचं, गुंडाळायचं, कुठला ओरखडा जुना नि कुठला नवा ते लिहून ठेवायचं (हो, त्याचाच पगार मिळतो, थोडा आहे ते मान्य).

आई, तुझ्यासाठी वेगळी गोष्ट. बॉम्ब पडत होते तरी लोक म्हणाले एक तरी चित्र दाखवा, म्हणून १९४२ पासून दर महिन्याला खाणीतून एकच चित्र लंडनला आणायचे. पहिलं तिशियनचं 'नोली मे तांजेरे', म्हणजे 'मला स्पर्श करू नकोस', येशू पुन्हा उठलाय आणि मेरी मॅग्डालेन गुडघ्यावर बसून हात पुढे करतेय, तो अंग चोरून मागे सरतोय. मी दुपारी डबा खाऊन झाला की कधीकधी तिच्या त्या हातासमोर जाऊन उभी राहते.

खाणीतली हवा बारमाही गार आणि दमट, पण एकसारखी, त्यामुळे जरा गरम केली की ओल आटोक्यात यायची. चित्रांना चढउतार सोसत नाही, कापडालाही नाही. म्हणून सांगते, आजीची पैठणी त्या प्लॅस्टिकच्या पिशवीतून आजच काढ, धुतलेल्या मलमलमध्ये गुंडाळ आणि घडी दर दोन महिन्यांनी बदल. डांबरगोळ्या जरीला लागू देऊ नकोस.

तुमची,
छकुली